टिकालची एका दिवसाची खाजगी सहल: स्वतंत्र मार्गदर्शक घ्यावा का, आणि दिवस कसा आखावा

पारिजातक (धागाकर्ती)

मेक्सिको-ग्वातेमालातल्या प्राचीन माया संस्कृतीच्या शहरांचे अवशेष एका दिवसात नीट पाहून होतात का, आणि त्यासाठी स्वतंत्र गाडी व स्वतंत्र मार्गदर्शक यांवर खर्च करावा का, हे दोन प्रश्न गेल्या काही महिन्यांत इतक्या जणांनी विचारले की, सगळे एकाच ठिकाणी सविस्तर लिहून ठेवावे असे वाटले. आम्ही ह्यूस्टनला राहतो. यंदाच्या हिवाळ्यात आई-बाबा भारतातून आले होते, तेव्हा त्यांना घेऊन ग्वातेमालाच्या उत्तरेकडील पेतेन प्रांतातल्या टिकाल या प्राचीन माया शहराला जाऊन आलो. माझे मत आधीच सांगते: एकच स्थळ निवडावे, त्याला पूर्ण दिवस द्यावा, आणि पैसे वाचवायचेच असतील तर ते हॉटेलवर वाचवावेत, मार्गदर्शकावर नाही.

जायचे कसे, ते थोडक्यात. ग्वातेमाला सिटीहून विमानाने साधारण तासाभरात सांता एलेनाला उतरता येते आणि तिथून पेतेन इत्सा सरोवरातले फ्लोरेस हे चिमुकले बेट अगदी जवळ आहे. फ्लोरेसहून टिकाल सुमारे ६५ किलोमीटर, म्हणजे गाडीने दीड तास. उद्यान सकाळी सहा ते संध्याकाळी सहा उघडे असते. आम्ही गेलो तेव्हा परदेशी पाहुण्यांना १५० केत्सालचे तिकीट होते आणि सूर्योदयासाठी सहाच्या आधी आत जायचे असल्यास त्यावर आणखी १०० केत्साल पडत होते. बेलिझमधल्या सान इग्नासिओ गावातूनही सीमा ओलांडून एका दिवसाच्या सहली येतात, पण त्यात सकाळचा गारवा सीमेवरच्या रांगेत जातो.

आदल्या रात्री फ्लोरेसमध्ये मुक्काम करावा असे मी आग्रहाने सुचवते, आणि त्याचे कारण केवळ जवळपणा नाही. हे बेट म्हणजे इत्सा माया राज्याची राजधानी नोहपेतेन. आसपासचा बहुतेक मुलूख स्पॅनिशांनी सोळाव्या शतकातच घेतला होता, परंतु हे राज्य मार्च १६९७ पर्यंत टिकले. म्हणजे राजाराम महाराज जिंजीच्या वेढ्यात होते त्याच काळात इकडे शेवटचे स्वतंत्र माया राज्य पडले. हे डोक्यात ठेवून दुसऱ्या दिवशी टिकालला गेले की, माया लोक जंगलात कुठेतरी ‘नाहीसे झाले’ ही कल्पना आपोआप गळून पडते. ग्वातेमालात आजही २२ माया भाषांना शासनमान्यता आहे आणि त्या बोलणारी माणसे आपल्याला बाजारात, बसमध्ये, हॉटेलात भेटतात.

आता मुख्य विषय. टिकालचे राष्ट्रीय उद्यान ५७६ चौरस किलोमीटरचे आहे. त्यातला जो गाभा पेनसिल्व्हेनिया विद्यापीठाच्या प्रकल्पाने १९५६ ते १९७० या काळात उत्खनन करून आणि नकाशे काढून समोर आणला, त्या सुमारे १६ चौरस किलोमीटरांतच ३,००० च्या आसपास बांधकामे नोंदलेली आहेत. बहुतेक अजून मातीखाली आणि झाडांखाली आहेत. नवख्या माणसाला तिथे टेकडी दिसते. ती टेकडी नसून मंदिर आहे हे कोणीतरी दाखवावे लागते. माहितीफलक फार थोडे आहेत. पुस्तक वाचून गेले तरी समोरच्या दगडाशी वाचलेले जुळवायला जाणत्या माणसाची सोबत लागते.

आमचे मार्गदर्शक एल रेमाते गावाच्या बाजूचे, पन्नाशीचे गृहस्थ होते. गटांना सहसा थेट मोठ्या चौकात नेतात. त्यांनी आम्हाला आधी ‘क्यू’ नावाच्या जोडपिरॅमिडांच्या समूहाकडे नेले. पूर्वेला आणि पश्चिमेला एकसारखे दोन पिरॅमिड, पूर्वेकडच्या पिरॅमिडासमोर कोऱ्या स्तंभशिळांची रांग, आणि उत्तरेच्या भिंतींच्या आवारात राजाची कोरलेली शिळा. माया कालगणनेत ७,२०० दिवसांचा, म्हणजे वीस वर्षांहून किंचित कमी असा एक काळ असतो, त्याला कातुन म्हणतात. तो पुरा झाला की टिकालचे राजे असा नवा समूह बांधून घेत. हा समूह इ.स. ७७१ चा. इथे थांबून त्यांनी काड्या, खडे आणि एक शिंपला जमिनीवर मांडून माया अंक शिकवले: खडा म्हणजे एक, काडी म्हणजे पाच, शिंपला म्हणजे शून्य. आईने पाच-सहा मिनिटांत शिळेवरची आकडे दाखवणारी चिन्हे स्वतः ओळखायला सुरुवात केली. त्यानंतर पुढे दिवसभर प्रत्येक शिळेपाशी ती आधी आकडे शोधत होती. एवढा वेळ गटातल्या मार्गदर्शकाला देता येत नाही, आणि त्यात त्याचा दोषही नाही.

मग मोठा चौक. पूर्वेला ‘मंदिर क्रमांक १’, उंची सुमारे ४७ मीटर. समोर पश्चिमेला ‘मंदिर क्रमांक २’. पहिले मंदिर हासाव चान काविल या राजाचे समाधिस्थान आहे. इ.स. ५६२ मध्ये टिकालचा मोठा पराभव झाला, आणि त्यानंतर शंभराहून अधिक वर्षे इथे तारखेची नवी शिळा उभी राहिल्याचे दिसत नाही. हासाव चान काविल ६८२ मध्ये गादीवर आला आणि ६९५ मध्ये त्याने कालाकमुलच्या प्रबळ राज्याचा पराभव करून टिकालला पुन्हा उभे केले. १९६२ मध्ये त्याची कबर सापडली. तिच्यात जेडचे दागिने होते, आणि कोरीव हाडेही होती. एका हाडावर देवांनी वल्हवलेल्या होडीतून मक्याच्या देवाचा प्रवास कोरलेला आहे. हा इतिहास कानावर पडल्यावर मंदिर क्रमांक १ कडे पाहण्याची नजरच बदलते. त्याचा मुलगा यिकिन चान काविल याच्या काळात, इ.स. ७४१ च्या सुमारास, ६५ मीटर उंचीचे मंदिर क्रमांक ४ उभे राहिले. वेरूळचे कैलास लेणे राष्ट्रकूट राजा कृष्ण पहिला याच्या काळात खोदायला घेतले गेले, ते यानंतर थोड्याच वर्षांनी.

दोन गोष्टी मात्र मी कुठेही वाचल्या नव्हत्या, किंवा वाचूनही मनावर ठसल्या नव्हत्या. पहिली पाण्याची. टिकालजवळ नदी नाही, झरा नाही. हजारो माणसांचे हे शहर पावसाच्या साठवलेल्या पाण्यावर शतकानुशतके चालले. मोठ्या चौकाची गिलावा केलेली जमीन मुद्दाम उतरती ठेवलेली आहे, म्हणजे चौकात पडणारा पाऊस वाहून तलावात जाईल. उंच रस्त्यांचा उपयोग बांधासारखा केलेला आहे. आपल्याकडे गड चढल्यावर जाणता माणूस आधी पाण्याची टाकी शोधतो, तसे आमच्या मार्गदर्शकांनी आम्हाला झाडीतला एक रुंद खळगा दाखवून सांगितले की हा तलाव होता. २०२० मध्ये प्रसिद्ध झालेल्या संशोधनात टिकालच्या कोरिएन्ताल तलावात झिओलाइट खनिज आणि क्वार्ट्झची वाळू सापडली. ही दोन्ही मुद्दाम बाहेरून आणून पाणी गाळण्यासाठी वापरलेली असावीत, असे संशोधक मांडतात. त्याच वर्षीच्या दुसऱ्या अभ्यासात राजवाड्याजवळच्या तलावांमध्ये पाऱ्याचे आणि विषारी शैवालासारख्या जिवाणूंचे अंश मिळाले. पारा बहुधा लाल रंगासाठी वापरलेल्या हिंगुळातून उतरला असावा. शहर नवव्या शतकात ओस पडण्याच्या कारणांमध्ये दुष्काळ आणि युद्धांबरोबर हेही एक कारण मोजले जाते. टिकालमधली शेवटची तारखेची शिळा ८६९ सालची आहे.

दुसरी गोष्ट चिकूची. बाबांचे बालपण डहाणूजवळ घोलवडला गेले. वाटेत एका उंच झाडाशी ते थबकले, खोडावर हात फिरवला, खाली पडलेले पान उचलून उलटून पाहिले आणि म्हणाले, “हा चिकू आहे.” झाड इतके उंच होते की आमच्यापैकी कोणाचा विश्वास बसेना. मार्गदर्शकांना आम्ही विचारले तेव्हा त्यांनी खोडावरचे जुने, नागमोडी काप दाखवले. त्यांचे वडील याच जंगलात चिकल काढणाऱ्यांपैकी होते. चिकूच्या खोडाचा हा चीक उकळून पूर्वी च्युइंगगमसाठी पाठवला जाई. आणि टिकालच्या मंदिरांच्या दारांवरील तुळया याच लाकडाच्या आहेत. ते लाकूड इतके कठीण आणि टिकाऊ की, बाराशे वर्षांहून अधिक काळ या दमट हवेत ते तग धरून आहे. मंदिर क्रमांक ४ च्या कोरीव तुळया १८७७ मध्ये काढून नेल्या गेल्या आणि आज त्या स्वित्झर्लंडमध्ये बाझेलच्या संग्रहालयात आहेत. हे सांगताना त्या गृहस्थांचा आवाज बदलला, हे मला जाणवले. बाबा आणि ते यानंतर बराच वेळ झाडांविषयीच बोलत होते आणि मी दुभाष्याचे काम करत होते. तिथला राष्ट्रीय वृक्ष सेइबा म्हणजे आपली पांढरी सावर, हेही त्याच संभाषणातून कळले.

स्वतंत्र मार्गदर्शक घेण्याचा अर्थ माझ्या मते हा आहे. वातानुकूलित गाडी हा त्यातला गौण भाग. आपल्या घरच्या माणसांना ज्याची ओढ आहे तिकडे दिवस वळवता येतो आणि समोरच्या माणसाकडे त्यासाठी वेळ असतो.

गोदाकाठ

माहितीपूर्ण धागा. एका मुद्द्यावर मात्र मतभेद नोंदवतो. आम्ही मेक्सिकोतल्या कान्कूनहून बसच्या गटाबरोबर चिचेन इत्सा हे माया शहर पाहिले. एल कास्तियो पिरॅमिडाच्या चार बाजूंना प्रत्येकी ९१ पायऱ्या आणि वरची एक मिळून ३६५, विषुवदिनाच्या सुमारास उतरत्या उन्हात कठड्यावर उमटणारी सर्पाकृती छाया, १६८ मीटर लांबीचे चेंडूच्या खेळाचे भव्य मैदान, हे सर्व आमच्या गटाच्या मार्गदर्शकाने उत्तम समजावले. पिरॅमिडासमोर टाळी वाजवल्यावर येणारा चिरका प्रतिध्वनीही ऐकवला. चौघांच्या कुटुंबाला स्वतंत्र सहलीचा खर्च तिप्पट-चौपट येत होता. ज्यांना आयुष्यात एकदाच जायचे आहे आणि ज्यांचा अंदाजपत्रकात हात आखडता आहे, त्यांना गटाची सहल कमी प्रतीची आहे असे वाटायला नको.

पारिजातक

गोदाकाठ, आपला मुद्दा रास्त आहे, आणि गटातला मार्गदर्शक कमी जाणकार असतो असे मी मुळीच म्हणणार नाही. कित्येकदा तीच माणसे दोन्ही कामे करतात. अडचण वेळेची आहे. चिचेन इत्सा सकाळी आठला उघडते. कान्कूनहून अंतर दोनशे किलोमीटरच्या आसपास असल्यामुळे, आणि वाटेत वेगवेगळ्या हॉटेलांमधून माणसे गोळा करायची असल्यामुळे, बस पोहोचेपर्यंत ऊन डोक्यावर येते. मग सेनोतेतली, म्हणजे चुनखडकातल्या नैसर्गिक पाणकुंडातली आंघोळ, जेवण आणि वस्तूंच्या दुकानात थांबा यांतून अवशेषांसाठी जेमतेम दोन तास उरतात.

खर्चाचा प्रश्न असेल तर मधला मार्ग आहे. आदल्या रात्री चिचेन इत्साजवळच्या वायादोलिदला राहावे, सकाळी लवकर टॅक्सीने किंवा बसने दारापर्यंत जावे आणि मार्गदर्शक फक्त तिथल्या तिथे, दारावर, काही तासांसाठी घ्यावा. परवानाधारक मार्गदर्शक दारावर उपलब्ध असतात. टिकाललाही फ्लोरेसहून सामायिक व्हॅनने जाऊन असे करता येते. पैसे गाडीवरचे वाचतात, माणसावरचे नाही.

नांदुरकी

पारिजातकताईंना अनुमोदन. ज्यांच्या मनात मेक्सिकोच आहे त्यांनी चिचेन इत्साऐवजी मेरिदा शहराहून उश्माल आणि काबाह या माया स्थळांचा विचार करावा, असे मी सुचवेन. उश्मालला गर्दी बरीच कमी असते आणि शिल्पकाम, माझ्या दृष्टीने, अधिक देखणे आहे. राज्यपालांचा वाडा म्हणून ओळखली जाणारी सुमारे शंभर मीटर लांबीची इमारत, तिच्या वरच्या अर्ध्या भागावर हजारो घडीव दगड जुळवून केलेली नक्षी, कोपऱ्यांवर चाक या पर्जन्यदेवाचे लांब वळलेल्या नाकांचे मुखवटे. इमारतीची दिशा शुक्राच्या क्षितिजावरील टोकाच्या स्थानाशी जुळवलेली असावी, असे अभ्यासक मानतात. काबाहला तर कोद्स पोप या इमारतीचा सगळा दर्शनी भाग अशाच मुखवट्यांनी भरलेला आहे. उश्माल ते काबाह हा अठरा किलोमीटरचा माया काळातला उंचावलेला पांढरा रस्ता होता, त्याची कमान काबाहला अजून उभी आहे.

पर्जन्यदेवाचे एवढे प्रस्थ का, याचे उत्तर आमच्या मार्गदर्शकांनी जमिनीतल्या एका भोकाशी नेऊन दिले. युकातान द्वीपकल्पाच्या उत्तरेला सेनोते आहेत, पण उश्मालच्या पूक टेकड्यांमध्ये भूजल फार खोल आहे. म्हणून त्या लोकांनी चुनखडकात बाटलीच्या आकाराची टाकी खोदली, आतून गिलावा केला आणि भोवतीचे अंगण तोंडाकडे उतरते ठेवले. त्यांना चुल्तुन म्हणतात. म्हणजे टिकालप्रमाणेच इथेही सगळे पावसाच्या हाती.

आमच्या मार्गदर्शकांची मातृभाषा युकातेक माया होती. संध्याकाळी परतताना त्यांनी मानी गावात गाडी थांबवली. याच गावात १५६२ मध्ये फ्रान्सिस्कन पंथाचा दिएगो दे लांदा याने माया ग्रंथ आणि मूर्ती जाळल्या. आज जगात फक्त चार माया ग्रंथ शिल्लक आहेत. आणि त्याच लांदाने माया लिपीविषयी करून ठेवलेल्या त्रोटक नोंदीचा आधार घेऊन युरी क्नोरोझोव या सोव्हिएत अभ्यासकाने १९५२ मध्ये ही लिपी ध्वनी दाखवते हे सिद्ध करायला सुरुवात केली. चर्चच्या अंगणात उभे राहून, ज्याच्या पूर्वजांचे ग्रंथ जळाले त्याच्या तोंडून हे ऐकणे फार जड जाते. ही जागा ठरलेल्या गट-सहलीत नव्हती. आम्ही विचारले म्हणून त्यांनी वाट वाकडी केली.

शून्यवेध

दोन शंका आहेत. एक, माया लोकांना शून्य आपल्या आधीपासून माहीत होते काय? दोन, माया लोक म्हणजे मयासुराचे वंशज आणि त्यांची मंदिरे भारतीय स्थपतींनी बांधली, असे एक व्याख्यान मी ऐकले होते. पायऱ्यापायऱ्यांचे छत आपल्या हेमाडपंती मंदिरांसारखेच दिसते हेही खरे आहे. तिथले मार्गदर्शक याविषयी काय म्हणतात?

तिसरा_प्रहर

पारिजातक यांच्या आधी मी उत्तर देतो, कारण हा माझ्या आवडीचा विषय आहे.

त्या प्रदेशातली ‘दीर्घ गणने’तली, म्हणजे एका ठरावीक आरंभापासून दिवस मोजणाऱ्या कालगणनेतली, सर्वांत जुनी ज्ञात तारीख इ.स.पू. ३६ ची आहे, आणि ती माया प्रदेशाच्या सीमेबाहेर, चियापा दे कोर्सोला सापडली. ही गणना स्थानमूल्यावर चालते, म्हणून तिच्यात रिकाम्या स्थानासाठी काहीतरी लागतेच. माया शिलालेखांत त्यासाठी खास चिन्ह आहे आणि ग्रंथांत शिंपल्याचे चित्र. पद्धत विसाची, पण तिसऱ्या स्थानावर वीसऐवजी अठराने गुणतात, म्हणजे ३६० दिवसांचे वर्ष जुळते. गणनेचा आरंभ प्रचलित जुळणीनुसार इ.स.पू. ३११४ च्या ऑगस्टात येतो. आपल्याकडे ब्रह्मगुप्ताने ६२८ मध्ये शून्यासह बेरीज-वजाबाकी-गुणाकाराचे नियम दिले आणि ग्वाल्हेरच्या चतुर्भुज मंदिरातील ८७६ सालच्या लेखात शून्य कोरलेले दिसते. शून्यावर चालणारे अंकगणित भारतातून जगभर गेले. माया शून्य स्वतंत्रपणे सुचले आणि कालगणनेत राहिले. दोन समाजांनी एकमेकांना न विचारता हे शोधले, यात दोघांचाही मोठेपणा आहे.

वंशजांच्या गोष्टीला मात्र काहीही आधार नाही. दगडावर दगड थोडा थोडा पुढे सरकवून छत मिटवणे ही खरी कमान माहीत नसलेल्या किंवा न वापरणाऱ्या कोणत्याही गवंड्याला सुचणारी रीत आहे. तिच्यामुळे खोल्या अरुंद होतात, म्हणून टिकालच्या उंचच उंच मंदिरांच्या माथ्यावर आतली जागा बोळाएवढीच असते. शिवाय संपर्क असता तर तो पिकांत दिसला असता. मिरची, पपई आणि वर उल्लेख आलेला चिकू हे सगळे अमेरिका खंडातले. मिरची आपल्याकडे पोर्तुगीजांनी आणली. उलट दिशेने पाहिले तर माया शहरे ओझी वाहणारी जनावरे, वाहतुकीची चाके आणि लोखंड यांच्याविना बांधली गेली. हे कष्ट ज्यांनी केले, त्यांचे श्रेय आपण आपल्याकडे ओढू नये.

पारिजातक

तिसरा_प्रहर, मनःपूर्वक आभार. शून्यवेध, हा प्रश्न बाबांनीही मार्गदर्शकांना विचारला होता. ते शांतपणे म्हणाले की परग्रहवासी, अटलांटिस, इजिप्त असे सगळे त्यांनी ऐकून झाले आहे आणि दर वेळी त्यांना वाटते की त्यांच्या आजोबांना घर बांधता येत होते यावर लोकांचा विश्वास का बसत नाही.

एरंडवणेकर

मी ७१ वर्षांचा असून पत्नीचे गुडघे दुखतात. आम्ही दोघेही शाकाहारी आहोत. मुलगा डिसेंबरात टिकालला नेतो म्हणतो आहे. कृपया तीन गोष्टी सांगाव्यात. मार्गदर्शक चांगला आहे हे आधी कसे ओळखावे? चढण किती आहे? आणि जेवणाचे काय?

पारिजातक

काका, नमस्कार. जरूर जा, डिसेंबर ते फेब्रुवारी हा काळ त्यातल्या त्यात गार आणि कोरडा असतो. पहाटे धुके असते, त्यामुळे सूर्योदयासाठी वेगळे पैसे देऊन अंधारात चालण्याची तुम्हाला गरज आहे असे मला वाटत नाही. सहाला दार उघडल्यावर आत गेलात तरी माकडांचे ओरडणे आणि पक्षी भरपूर मिळतील. हाउलर माकडाचा आवाज प्रथम ऐकणाऱ्याला वाघाची डरकाळी वाटते, तेव्हा काकूंना आधी सांगून ठेवा.

मार्गदर्शकाविषयी. ग्वातेमालात पर्यटन संस्था, म्हणजे इन्ग्वात, मार्गदर्शकांना परवाना आणि ओळखपत्र देते. ते पाहायला मागण्यात काही गैर नाही आणि कोणी रागावतही नाही. ठरवण्यापूर्वी मुलाला त्यांच्याशी फोनवर किंवा संदेशांतून बोलून घ्यायला सांगा. गाडी चालवणारा आणि माहिती देणारा एकच आहे की वेगवेगळे, प्रवेशाचे तिकीट धरले आहे की नाही, आत किती तास थांबायचे, परतताना कुठे थांबे आहेत, हे लेखी ठरवावे. इंग्रजी किती येते ते त्या बोलण्यातच कळते. मी त्यांना एक प्रश्न हमखास विचारते: टिकाल ओस का पडले? एकच कारण ठासून सांगणाऱ्यापेक्षा, चार कारणे सांगून त्यांपैकी कशाबद्दल अभ्यासकांत वाद आहे हे सांगणारा माणूस मला अधिक विश्वासाचा वाटतो. आमचे मार्गदर्शक दिवसातून अनेकदा “हे अजून कोणालाच ठाऊक नाही” म्हणाले, आणि त्यामुळेच त्यांनी खात्रीने सांगितलेल्या गोष्टींना वजन आले. २०१८ मध्ये विमानातून लेझरने केलेल्या पाहणीत उत्तर ग्वातेमालाच्या जंगलाखाली ६०,००० हून अधिक नवी बांधकामे दिसली, तेव्हापासून त्यांनी स्वतः आपली किती वाक्ये बदलली, तेही त्यांनी सांगितले.

चढणीविषयी. मंदिर क्रमांक १ वर चढायला बंदी आहे, त्यामुळे ती चिंता नाही. मंदिर क्रमांक २ आणि ४ यांना बाजूने लाकडी जिने आहेत. चौथ्यावरचा जिना उंच आहे. काकूंनी तो चढलाच पाहिजे असे नाही. आई खाली सावलीत बसली आणि मार्गदर्शक तिच्यासोबत थांबले, तेव्हा आम्ही वर जाऊन आलो. सपाट चाल मात्र बरीच आहे, वाटा मुळांच्या आणि शेवाळलेल्या दगडांच्या आहेत, म्हणून पकड असलेले बूट आणि हातात काठी असावी. मार्गदर्शकांना गुडघ्यांची कल्पना आधीच द्या. त्यांनी आमचा क्रम असा लावला की मोठी चाल सकाळी झाली आणि ऊन चढले तेव्हा आम्ही मोठ्या चौकाच्या सावलीत होतो. पाणी भरपूर न्या आणि डासांचे मलम विसरू नका.

जेवणाची मोठी अडचण येत नाही. काळ्या घेवड्याची उसळ, भात, मक्याच्या तोर्तिया, अंडी, तळलेली केळी, अवोकाडो हे जवळजवळ सगळीकडे मिळते. काळजी फक्त एवढीच की उसळीत पुष्कळदा डुकराची चरबी घालतात. “सिन मांतेका” म्हणजे चरबीशिवाय, हे दोन शब्द पाठ करून ठेवा आणि मार्गदर्शकांना सकाळीच सांगा. आमच्यासाठी त्यांनी वाटेवरच्या खानावळीत फोन करून वेगळी उसळ टाकायला सांगितले होते. खानावळीतल्या बाईंनी आईला चुन्याच्या निवळीत शिजवलेला मका आणि तो वाटायचा पाटा दाखवला. त्या चुन्याने मक्याची साल सुटते आणि त्यातले पोषण अंगी लागते.

आणखी एक विनंती, सगळ्यांनाच. मोठ्या चौकात होमासाठी एक गोल जागा आहे. तिथे आजही माया पुरोहित कोपालचा धूप, साखर आणि रंगीत मेणबत्त्या अर्पण करतात: पूर्वेला लाल, पश्चिमेला काळी, उत्तरेला पांढरी, दक्षिणेला पिवळी. आम्ही होतो तेव्हा एक कुटुंब आजारी मुलासाठी पूजा करत होते. आसपासच्या काही जणांनी कॅमेरे पुढे केले, ते पाहून वाईट वाटले. आपल्या गाभाऱ्यात जसे वागतो तसेच तिथे वागावे. छायाचित्र घ्यायचेच असेल तर मार्गदर्शकांकरवी आधी विचारावे.

गोदाकाठ

वरची चर्चा वाचून पुढल्या वर्षी टिकालला जाण्याचा बेत पक्का करतो आहे, आणि या वेळी मार्गदर्शक स्वतंत्र घेईन. एकच प्रश्न: त्याच दिवशी ‘याश्हा’ किंवा ‘वाशाक्तून’ यांपैकी एखादे जवळचे माया स्थळ जोडता येईल का? काही सहल-कंपन्या दोन्ही एका दिवसात दाखवतो म्हणतात.

पारिजातक

जोडता येते, पण जोडू नये असे माझे स्पष्ट मत आहे. याश्हाला तळ्याकाठच्या मंदिरावरून दिसणारा सूर्यास्त फार सुंदर आहे, म्हणून त्याला दुसऱ्या दिवसाची दुपार द्या आणि त्या दिवशी सकाळी फ्लोरेसमध्ये विश्रांती घ्या. वाशाक्तून टिकालच्या उत्तरेला तेवीस किलोमीटरवर आहे आणि रस्ता टिकालच्या उद्यानातूनच जातो. पश्चिमेच्या पिरॅमिडावर उभे राहिले की समोरच्या तीन छोट्या मंदिरांमागून अयनदिनांना आणि विषुवदिनांना सूर्य उगवतो, ही रचना अभ्यासकांनी प्रथम तिथे, १९२० च्या दशकात ओळखली. आपल्याला खगोलाची आवड असेल तर तिसरा दिवस तिथे द्या आणि टिकालचेच मार्गदर्शक सोबत घ्या, म्हणजे आदल्या दिवशीचे बोलणे पुढे चालू राहते. पुढचा रस्ता कच्चा आहे. मे ते ऑक्टोबरच्या पावसात जाणार असाल तर उंच गाडी मिळते का आणि वाट खुली आहे का, हे आदल्या संध्याकाळी विचारूनच निघा.